जोत्यावरची काच

नवी वसाहत, पोलादपूर
९ फेब्रुवारी

मंगेश,

आशीर्वाद देते. घ्यायचा असला तर घे, नायतर तिथल्या समुद्रात सोड.

फोन तू उचलत नायस म्हणून हे लिहिणं. सातवीनंतर एवढं लांबलचक पहिल्यांदाच लिहितेय, तेव्हा चुका काढत बसू नको. तुझ्या दीपगृहाच्या हापिसाचा किनाऱ्यावरचा पत्ता सेजलनं मोबाइलात शोधला. तिथल्या माणसाला फोन केला तर तो म्हणाला, पत्र आलं की गुरुवारच्या होडीनं बेटावर जातं. आणखी म्हणाला, "तुम्ही मंगेशच्या कोण? वहिनी? अहो, त्याला जरा घरी बोलवा. सुट्टी घेत नाय, दुसऱ्यांच्या पाळ्या पण तोच करतो. चार वर्षं झाली, लग्नकार्यालासुद्धा बेटावरून उतरत नाय." मी म्हटलं, बघते.

तर लग्नकार्यच हाय. आपल्या सेजलचं ठरलं. मुलगा शिवथरचा, स्वराज नाव, महाडला कारखान्यात हाय. बोलायला कमी, जेवायला बरा. दोनदा घरी आला, दोन्ही वेळेला चप्पल नीट कडेला काढून ठेवली, तेवढ्यावर मी हो म्हटलं. सेजलनं त्याआधीच हो म्हटलं होतं, पण मला विचारल्यासारखं केलं. अकरा मेची तारीख निघाली.

मेढ नऊ तारखेला. तिचा बाप नाय, तेव्हा मांडवाची पहिली मेढ चुलत्याच्या हातची. घरच्या पुरुषानं ती रोवल्याशिवाय वाडीतलं कुणी मांडवाला हात लावत नाय, हे तुला मी काय सांगू? मी ह्या घरात आले तेव्हा तू बारा वर्षांचा होतास, तुझ्या डोक्यातल्या उवा मी काढल्यात, म्हणून हक्कानं सांगते. तुला यायचंय.

इथलं विचारशील तर, घर दोन खोल्यांचं. सरकारनं दिलेलं, पत्र्याचं नाय, स्लॅबचं. फरशी हाय. सारवायला काय नाय. शनिवारी सकाळी हात मोकळे राहतात, ते कुठं ठेवायचे कळत नाय. स्वयंपाकघराच्या दाराशेजारी भिंतीवर कॅलेंडर लावलंय, मे महिन्याच्या पानावर सेजलनं लाल गोल केलाय. रोज पान उलटून बघते आणि परत फेब्रुवारी लावते.

मला आनंद झाला का, तर माहीत नाय. झाला असेल. भाजीत मीठ पडलं नाय तरी मला कळत नाय, सेजल तोंड वाकडं करते तेव्हा कळतं. गेल्या महिन्यात तव्यानं हात भाजला तो वास आल्यावर समजला. बायका म्हणतात, तुळजाबाई, एकदा मोकळी रड. काय रडू? येत नाय तर काय करू?

"येतो" एवढं एका ओळीत लिही. जास्त नको.

तुळजा वहिनी


नवी वसाहत
२ मार्च

मंगेश,

तीन गुरुवार गेले. होडी बुडाली म्हणावं तर पेपरात काय आलं नाय.

काल कुशाबा आला होता. पोलीसपाटलांना अहो-जाहो करावं, पण ज्यानं आपल्या खळ्यात दारू पिऊन लोळण घेतलेली मी बघितलीय त्याला कसलं अहो-जाहो. आता दारू सोडलीय. सून दरडीत गेली त्याच दिवसापासून सोडली. बसला, पाणी प्यायला, कॅलेंडर बघितलं, आणि म्हणाला, "तुळजा, पोरगी एकट्या तुझी नाय, वाडीची हाय. मांडव आम्ही घालू. पाणी भरू, भांडी घासू, दोनशे पानं वाढू. पण मेढ मंगेशच्या हातची नको."

मी म्हटलं, "मग कुणाच्या?"

"माझ्या हातची घे. कुणाच्याही घे. त्यानं रोवली तर ज्या घरातली माणसं गेलीत त्यातला एकजण मांडवात पाय टाकणार नाय. मी आधी नाय टाकणार."

सेजल आतून आली. पदवीधर झाली म्हणून थोरांपुढं जीभ आवरते असं नाय. म्हणाली, "मग लग्नच नको. काकानं मेढ नाय रोवली तर मी उभी नाय राहत. स्वराजला पण तसं सांगितलंय."

"गो पोरी," कुशाबा म्हणाला, "तुझा बाप त्याच्या शब्दावर घरात बसून राहिला. माझी सून बसून राहिली. 'काच साबूत हाय, भ्यायचं काम नाय,' असं त्यानं मला फोनवर सांगितलं. ह्या कानानं ऐकलं. आणि तासाभरात दरड आली."

"काकानं मुद्दाम केलं काय?"

"मुद्दाम नाय. पण केलं."

मी चहा गाळत होते. चहा संपला तरी गाळणी तशीच धरून उभी होते. कुशाबा म्हणाला, "तुळजा, तू बोल काहीतरी." मी म्हटलं, "साखर किती?"

तो गेला. सेजल दार लावून बसली. नऊ माणसं गेली त्या दिवशी, तुझा दादा आणि सासूबाई धरून नऊ. मी नावं घेऊ शकते, रोज घेते, काय होत नाय. यादीसारखी येतात.

तेव्हा परिस्थिती अशी हाय. तू नाय आलास तर सेजल मांडवात नाय. तू आलास तर वाडी मांडवात नाय. मी मधे. तुला हे आवडेल असं वाटत नाय, पण लिहिलं.

वहिनी


नवी वसाहत
२३ मार्च

मंगेश,

तुझं कार्ड मिळालं. पाठ झालंय, चारच ओळी हायत. "सेजलला आशीर्वाद. दिवा सोडून येता येत नाही. कुशाबाचं बरोबर आहे. मेढ त्यांच्या हातून रोवा."

दिवा सोडून येता येत नाही म्हणे! मला काय अडाणी समजतोस? सेजलनं मोबाइलात दाखवलं. तुमचं दीपगृह आता पर्यटकांसाठी उघडलंय, तिकीट लावलंय. वरची जुनी भिंगं नुसती बघायला ठेवलीत आणि दिवा आपोआप लागतो, आपोआप विझतो. माणूस लागतच नाय. मग तू तिथं काय राखतोस, बाबा? बेट पळून जाईल म्हणून धरून बसलायस?

तो व्हिडिओ मी तीनदा बघितला. बेट तसंच हाय. सेजल सहा वर्षांची असताना आपण आलो होतो, आठवतं? होडीत मी आणि तुझा दादा दोघांनी ओकून ओकून होडीवाल्याला लाज आणली. डोंगरातली माणसं, पाण्याचं काय माहीत. अर्ध्या तासात सगळं बेट फिरून झालं तर दादा म्हणतो, "मंग्या, ह्यापेक्षा आपलं खळं मोठं." सासूबाई आल्या नव्हत्या, पण येईल-जाईल त्याला सांगायच्या, माझं धाकटं सरकारी समई लावतं. थंडीत आम्हांला वर सड्यावर, त्या उघड्या कातळमाळावर न्यायच्या, तिकडं लांब समुद्राच्या बाजूला बघायला लावायच्या. "दिसली का गो, तुळजे? दोनदा लुकलुकते बघ." मला कधी काय दिसलं नाय. मी दर वेळेला दिसली म्हणायचे. त्यांना बरं वाटायचं.

त्या मनोऱ्याचा काळा दगड, आठ बाजू, आत गोल लोखंडी जिना. इंग्रजांच्या वेळचा, दीडशे वर्षांवरचा, असं तू सांगत होतास आणि आम्ही धापा टाकत होतो. वर त्या मोठ्या भिंगांवर दिवसा पडदा ओढलेला. सेजलनं विचारलं, काका, दिव्याला झोप लागलीय का? तू म्हणालास, पडदा नाय ओढला तर ऊन भिंगात गोळा होऊन आग लावतं.

आणि जिन्यावर त्या काचा. भिंतीला जिथं जिथं चीर, तिथं आडवी बोटभर रुंद काचपट्टी, दोन्ही टोकांना सिमेंटचा गोळा, वर लाल रंगानं तारीख. तू दादाला समजावलंस, चीर जुनी असली तर काच तशीच राहते. भिंत जराशी जरी सरकली तरी आधी काच तुटते, डोळ्यांना दिसायच्या आधी. सेजलनं सात मोजल्या. एक तुटलेली होती. तिच्यापायी तुम्ही मनोऱ्याला खालून लोखंडी पट्ट्या आवळल्या होत्या. दादाला ते फार आवडलं. घरी येऊन आठ दिवस वाडीला तेच सांगत होता.

म्हणून तर आपल्या गोठ्याच्या जोत्याला चीर गेली तेव्हा त्यानं पहिला फोन तुला केला. तू शिमग्याला आलास तो पिशवीत काच घेऊन. जोत्यावर डकवलीस, तारीख टाकलीस. सगळी वाडी बघायला. "काच तुटली की घरात थांबायचं नाय. गुरं सोडा, सगळी वाडी खाली शाळेत." कुशाबा म्हणाला, जोत्याला सरकारी इंजेक्शन दिलं.

त्या पावसाळ्यात तुटली. आम्ही सगळे खाली शाळेत, तीन दिवस, साठ माणसं, एक संडास. डोंगर जागच्या जागी. नंतर कळलं, कुशाबाच्याच बैलानं शिंग घासलं होतं. आपलं वासरू वाघरानं नेलं, भाताचं रोप वाढून वाया गेलं, सासूबाईंचा खोकला दिवाळीपर्यंत. वाडी वर्षभर हसली. तुला कुणी सांगितलं नसेल. दादा तुझी बाजू घेऊन भांडायचा.

पुढच्या शिमग्याला तू दुसरी काच लावलीस. पुढचं तुला माहीत हाय.

म्हणजे, तुला जेवढं माहीत हाय तेवढं. बाकी राहू दे. तू ये.

वहिनी


नवी वसाहत
१३ एप्रिल

मंगेश,

पत्रिका छापायला गेल्या नायत. स्वराजच्या आईचा फोन येतो, मी म्हणते, नावं जुळवतेय. आणखी किती दिवस नावं जुळवू? सेजल माझ्याशी बोलते पण तुझ्याबद्दल बोलत नाय. काल स्वराजला फोनवर म्हणत होती, "नाय झालं तर नाय झालं, मला सवय हाय." तेवीस वर्षांची पोर. हे ऐकून मला काहीतरी झालं. काय ते सांगता येत नाय, पण खाली बसले.

मी तुला एक सांगायचं राहिलंय.

मी दर शनिवारी गोठा सारवायची. जमीन, मग जोतं, मग पडवी. आठ दिवसांनी जोत्याची चीर उघडी पडायची, मी शेणमातीनं बुजवायची. बाईच्या घरात भेग दिसू नये. आईनं तेच शिकवलं, सासूबाईंनी तेच. तू ओरडायचास, "वहिनी, काच झाकू नको, चीर बुजवू नको, दिसू दे." मी हो म्हणायची. तू गेलास की सारवायची. काचेवरून पण हात जायचा. सवयीचा हात, त्याला डोळे नसतात. चीर किती वाढली ते म्हणून कुणाला दिसलंच नाय. आमचा गोठा वाडीत सगळ्यांत देखणा होता.

तर त्या आषाढात, सकाळी गुरं सोडायला गेले तर काच तुटलेली.

वाचतोयस ना? तुटलेली होती. मधोमध, दोन तुकडे.

मी शेळीनं खूर दिला असं धरलं. गेल्या वर्षी बैल, ह्या वर्षी शेळी. काचेचे तुकडे गोठ्यात ठेवायचे नसतात, शेणात गेले की उकिरड्यात जातात, उकिरड्यातून शेतात, आणि लावणीच्या चिखलात आपण सगळे अनवाणी. म्हणून काच घरात फुटली तरी आपण ती वाडीबाहेर कड्याखाली नेऊन टाकतो. मी तुकडे उचलले, पदराच्या टोकाला गाठ मारून बांधले, जोत्यावर शेणाचा हात फिरवला, आणि गुरं घेऊन सड्यावर गेले. म्हटलं, जाता जाता टाकते.

असं झालं. मला वाटलं शेळी.

वहिनी


१७ एप्रिल

मंगेश,

आधीचं पत्र आज होडीत चढलं असेल. ते तसंच ठेवू नको, हे पण वाच.

शेळ्या गोठ्यात नव्हत्या. पाऊस चार दिवस धरून होता म्हणून दादानं शेळ्या सोमवारीच शेजारच्या विठाबाईच्या माळ्याखाली नेऊन बांधल्या होत्या. मला माहीत होतं. काच उचलताना पण माहीत होतं. गाय दुसऱ्या कोपऱ्यात. जोत्याजवळ जायला कुणीच नव्हतं.

तू विचारशील, मग का? चार वर्षं मी त्याला भीती म्हणून बघितलं, लाज म्हणून बघितलं. तसं काय नव्हतं रे. मला कंटाळा आला होता. पुन्हा साठ माणसं, पुन्हा शाळा, पुन्हा तो एक संडास, सासूबाईंचा खोकला, रोप वाढून जाणार, आणि वाडी हसणार की तुळजाबाईच्या काचेनं परत पळवलं. दोन दिवसांची लावणी उरली होती. म्हटलं, तेवढी होऊ दे, मग सांगू. ह्यापेक्षा मोठं कारण असतं तर बरं झालं असतं. शोधलं, नाय सापडलं.

आणि सड्यावर रेंज आली. तुझा फोन आला. दुपारी तीन वाजता. पावसात मी इरल्याखाली मोबाइल कानाला धरून उभी. तू विचारलंस, "वहिनी, काच कशी हाय?"

मी म्हटलं, "हाय तशी हाय."

पदराची गाठ माझ्या हातात होती तेव्हा. बोटांना काच लागत होती. सासूबाईंना "दिसली" म्हणायचे ना, तसंच निघालं तोंडातून.

तू बरं म्हणालास. मग तू कुशाबाला फोन केलास, आणि त्याला माझं उत्तर सांगितलंस. तुझं नव्हतं ते, माझं होतं. चार वाजता खालून आवाज आला, सड्याला धक्का बसला, गुरं पळाली. मी कड्यावर आले तर वाडी नव्हती. लावणीला शेतात होते तेवढे वाचले. धूर उठावा तशी माती, बाकी काय नाय. तेव्हापासून मला काय लागत नाय, मीठ नाय, चटका नाय.

तिसऱ्या दिवशी तू पोचलास. कुशाबानं तुझी गचांडी धरली, "तू सांगितलंस साबूत हाय, तू सांगितलंस!" सगळी वाडी बघत होती. तू माझ्याकडं बघितलंस. एकदाच. एवढं म्हणाला असतास, "मला वहिनीनं सांगितलं," तर संपलं असतं. तू म्हणालास, "माझी चूक झाली." मी तिथंच उभी, दादाच्या चितेपासून चार हातांवर. गाठ पदराला होती.

तुकडे मी टाकले नायत. सुपारीच्या डबीत हायत. लाल तारखेचा अर्धा भाग एकावर, अर्धा दुसऱ्यावर.

तू बोलला नायस ह्याचा मला राग येतो. खरंच येतो. तुझ्या गप्प राहण्यानं मला गप्प राहायला जागा झाली. तुला वाटलं असेल, नवरा गेलाय, सासू गेलीय, हिला आणखी कशाला. चांगुलपणा केलास आणि बेटावर जाऊन बसलास. मी इथं, लोक मला बिचारी म्हणतात, माझ्या पानात जास्त वाढतात. तुझं नाव निघालं की थुंकतात. आणि मी साखर किती विचारते.

सत्तावीस तारखेच्या रविवारी वाडीची बैठक हाय, मांडवाची. मी सांगणार हाय. हे तुला विचारत नाय, सांगते.

तुळजा


नवी वसाहत
२८ एप्रिल

मंगेश,

काल सांगितलं.

देवळापुढं सगळे बसले होते. कोण मांडवाचे बांबू आणणार, कोण भटाला सांगणार, ते चाललं होतं. मी उठले, डबी उघडली, दोन्ही तुकडे कुशाबाच्या पुढ्यात ठेवले. म्हटलं, ही मंगेशची काच. दरडीच्या आधी तुटली होती. सकाळीच. मी बघितली, मी लपवली, त्यानं फोनवर विचारलं तेव्हा मी खोटं बोलले. त्यानं तुम्हांला सांगितलं ते माझं खोटं होतं.

पाठ केल्यासारखं म्हटलं, कारण पाठच केलं होतं.

कुशाबानं तुकडे उचलले, एकाला एक लावून बघितले. तारीख जुळली. विठाबाईचा थोरला गेलाय त्या दिवशी, ती उठून माझ्यासमोर आली. मी मार खायला तयार होते, बरंच झालं असतं. ती म्हणाली, "चार वर्षं माझ्या शेजारी बसून भाकरी खाल्लीस गो." आणि घरी गेली. तिच्यामागून आणखी तिघी गेल्या.

कुशाबानं विचारलं, "मंगेशला माहीत होतं? तू खोटं बोललीस ते?"

"खोटं ते नाय. पण उत्तर माझं होतं, एवढं माहीत होतं."

"मग त्यानं सांगितलं का नाय?"

"ते त्याला विचारा. आला की."

म्हातारा रडला. सगळ्यांसमोर, टोपी काढून. म्हणाला, "एसटीत चढताना मी त्याच्या तोंडावर थुंकलो होतो." मला हे माहीत नव्हतं. तू ते पण कुणाला सांगितलं नायस.

ठरलं ते असं. मेढ मंगेशच्याच हातची, कुशाबा स्वतः खड्डा खणणार. वाडी येणार. विठाबाई येईल का माहीत नाय. मी मांडवात पुढं यायचं नाय, घरात बसायचं. पोरीच्या डोक्यावर अक्षता मी टाकायच्या नायत. कुशाबा हे सांगताना खाली बघत होता. मी बरं म्हटलं. बरंच हाय ते, मंगेश. कमीच हाय.

सेजल तिथंच होती. घरी आल्यावर एवढंच बोलली, "बाबांना घरातून बाहेर काढता आलं असतं?" मी म्हटलं, "आलं असतं." त्यानंतर बोललेली नाय. अंथरूण बाहेरच्या खोलीत नेलंय. पण सकाळी छापखान्यात जाऊन आली. पत्रिकेचा कच्चा कागद टेबलावर ठेवून गेली, मी बघावा म्हणून असेल, नायतर विसरून. निमंत्रक म्हणून तुझं नाव हाय, वर, ठळक. माझं नाव खाली हाय. काढलं नाय तिनं. तो कागद बघून मला रडू आलं. बरंच आलं. शेजारीण डोकावून गेली.

आजची आमटी खारट झाली होती. मला कळलं.

आठ तारखेला गुरुवार हाय, होडी त्या दिवशी हायच. त्यात बस. किनाऱ्यावर स्वराज गाडी घेऊन येईल, त्याला तुझा फोटो दाखवलाय. दाढी वाढवली असलीस तर कर.

आणखी एक काम. इथं स्वयंपाकघराच्या दाराशेजारी भिंतीला चीर हाय, केसाएवढी. पहिल्या वर्षापासून हाय. गवंडी म्हणतो, नव्या भिंतीला असतंच, पुट्टी भरून देतो. मी त्याला नको म्हटलं होतं आणि वरून कॅलेंडर लावलं होतं, तुला पहिल्या पत्रात लिहिलं ते. आज काढलं. चिरेच्या दोन्ही टोकांना पेन्सिलीनं खूण केलीय.

येताना एक काचपट्टी घेऊन ये. तूच लाव, तारीख तूच टाक. मी रोज बघेन, आणि तुटली तर तुटली म्हणेन.

वहिनी